मे महिन्याची यादी

११ जून २००२, मंगळवार. योकोहामात रात्र झाली होती आणि इथे सौदीतल्या रास तनुरात दुपारचे अडीच. जागतिक करंडकात सौदी अरेबिया आणि आयर्लंड समोरासमोर होते. सौदी संघाचा गाशा आधीच गुंडाळला गेला होता. सापोरोत जर्मनीने त्यांच्यावर आठ गोल चढवले होते, पाठोपाठ कॅमेरूनने एक. आयर्लंड मात्र दोन गोलांच्या फरकाने जिंकलं की पुढच्या फेरीत नक्की जाणार होतं. रात्रपाळी करून आलेले आम्ही पंधरा-वीस जण झोप मोडून कॅम्पच्या मेसमध्ये बसलो होतो. मलप्पुरमचे फिटर, पेशावरचे ड्रायव्हर, दोन-तीन फिलिपिनो आणि सांगली-कोल्हापूर पट्ट्यातले आम्ही. गेटवरचा सौदी पोरगाही आत येऊन भिंतीला टेकून उभा राहिला होता, त्यामुळे कुणी मोठ्याने बोलत नव्हतं. ज्याचं मीठ खायचं त्याच्याच संघावर गोल झाल्यावर टाळ्या कशा पिटायच्या?

सकाळच्या इंग्रजी पेपरात दोन्ही संघांच्या याद्या क्लबांसकट छापून आल्या होत्या. सौदीचे तेवीसच्या तेवीस खेळाडू सौदी क्लबांत खेळणारे. आयर्लंडचे तेवीसच्या तेवीस इंग्लंडमध्ये. त्यांतले काही तर इंग्लंडमध्येच जन्मलेले, आईवडिलांच्या नाहीतर आजोबांच्या मुळामुळे आयर्लंडचा शर्ट अंगावर आलेले. म्हणजे एक अख्खा संघ घरी जेवून खेळणाऱ्यांचा आणि दुसरा अख्खा संघ परमुलखात नोकरी करणाऱ्यांचा. सौदींपैकी सामी अल-जाबर काय तो २०००-०१च्या मोसमात काही महिने वुल्व्हरहॅम्प्टन वाँडरर्सकडे उसना गेला होता. इंग्लंडमध्ये खेळलेला तो पहिला सौदी. वुल्व्ह्ज तेव्हा दुसऱ्या श्रेणीत होते. अल-जाबरला तिथे मोजकेच सामने मिळाले आणि तो परत आला. त्याला परत येण्यासारखं घर होतं, पगारही होता. मेसमध्ये बसलेल्यांचं मन कुणाकडे झुकलं होतं, हे वेगळं सांगायला नको.

माझ्या शेजारी एक इंग्रज वेल्डिंग इन्स्पेक्टर बसला होता. प्लँट बंद ठेवून तपासणी-दुरुस्ती करतात त्याला इथे ‘टी अँड आय’ म्हणतात. त्या कामापुरता तो आला होता. गाव एसेक्समधलं कोलचेस्टर. सामना सुरू झाल्यापासून तो रॉबी कीनकडे बघत नव्हता, डेमियन डफकडेही नाही. मधल्या फळीतल्या एका गिड्ड्या, सतत पळणाऱ्या माणसाकडे बोट दाखवून तो मला सांगू लागला की, हा मार्क किन्सेला आमचा. वर्ल्ड कपपर्यंत पोचला म्हणून आमचा नव्हे. लेयर रोडवर पावसात दोनेक हजार माणसांसमोर खेळत होता तेव्हापासून आमचा.

लेयर रोड हे कोलचेस्टर युनायटेडचं जुनं मैदान. इतकं आखडलेलं की एका टोकाला गोलाची जाळी मागच्या पायऱ्यांत घुसलेली. जाळीच्या मागे उभ्या असलेल्याला गोलकीपरच्या शिव्यासुद्धा ऐकू येत, असं इन्स्पेक्टर रंगात येऊन सांगत होता. पडद्यावर तोवर सातव्या मिनिटाला कीनने गोल केला होता. पुढे ६१व्या मिनिटाला स्टॉन्टनच्या फ्री-किकवर गॅरी ब्रीनने दुसरा केला आणि ८७व्या मिनिटाला डफचा चेंडू सौदी गोलकीपर अल-दयाच्या हातातून निसटून आत गेला. डफने जपानी पद्धतीने कमरेत वाकून प्रेक्षकांना नमस्कार केला. तीन-शून्य. मला त्या दिवसातलं जास्त लक्षात राहिलं ते इन्स्पेक्टरने सांगितलेलं किन्सेलाचं आयुष्य. पुढे मी ते जमेल तसं शोधून, वाचून पुरं केलं.

किन्सेला १९७२ सालचा, डब्लिनचा. होम फार्म हा तिथला पोरं घडवणारा जुना क्लब. तिथून १९८९ साली तो कोलचेस्टरला आला, वय सतरा. क्लब चौथ्या श्रेणीच्या तळाशी होता. इंग्लंडच्या पहिल्या चार श्रेणींत मिळून ९२ क्लब. त्याखाली घसरलं की लीगमधून नाव कटतं. पूर्वी तळाचे क्लब इतरांच्या मतांवर बहुधा तरून जायचे. १९८७पासून ती सोय गेली, शेवटचा आला तो बाहेर. १९९०च्या वसंतात कोलचेस्टर बाहेर गेलं. मुलगा आईबापांना सोडून व्यावसायिक फुटबॉलपटू व्हायला आला आणि वर्षाच्या आत त्याचा क्लब अशा स्पर्धेत जाऊन पडला, जिथे समोरचे कित्येक खेळाडू आठवडाभर दुसरी नोकरी करून शनिवारी बूट चढवत होते.

तो राहिला. दोन मोसम लीगबाहेर काढले. १९९२ साली कोलचेस्टरने ती स्पर्धा जिंकली. वायकम्ब वाँडरर्सचे गुण तेवढेच होते, गोलफरकाने निकाल लागला. त्याच मोसमात लीगबाहेरच्या क्लबांची एफए ट्रॉफीही वेम्बलीवर उचलली. मग पुन्हा चौथी श्रेणी. किन्सेला आणखी चार वर्षं तिथेच. १९९६ साली चार्लटन ॲथलेटिकने त्याला नेलं. १९९८ साली वेम्बलीवर सुंदरलँडविरुद्धचा तो प्रसिद्ध प्ले-ऑफ झाला, चार-चार बरोबरी आणि पेनल्टींवर सात-सहा. चार्लटनला प्रीमियर लीगमध्ये घेऊन जाणारा कर्णधार किन्सेला होता. त्याच वर्षी तो आयर्लंडकडून पहिला सामना खेळला. २००२च्या करंडकाआधी सायपानच्या सराव शिबिरात रॉय कीनचं व्यवस्थापक मिक मॅकार्थीशी वाजलं आणि संघाचा सगळ्यात मोठा खेळाडू घरी गेला. त्या रिकाम्या मधल्या फळीत उभे राहिले किन्सेला आणि मॅट हॉलंड. एक कोलचेस्टरच्या चिखलातून आलेला, दुसरा बोर्नमथच्या तिसऱ्या श्रेणीतून.

अशी गोष्ट सांगणारे नेहमी शेवटाकडून सुरुवात करतात. वर्ल्ड कप, वेम्बली, प्रीमियर लीग. आणि आधीची सात वर्षं एका वाक्यात, जणू तो मांडवाबाहेर उभा होता आणि आतून बोलावणं येण्याची वाट बघत होता. इन्स्पेक्टरच्या सांगण्यात मात्र सगळं उलटं होतं. त्याच्या लेखी किन्सेलाचं फुटबॉल म्हणजे ती सात वर्षं. चार्लटन, वर्ल्ड कप हे नंतरचं, चांगलंच झालं, पोरगा गुणी होताच. पण पंचवीस यार्डांवरून मारलेले त्याचे गोल ज्यांनी पाहिले ते गोल पाहत होते, पुढच्या वर्ल्ड कपची तयारी पाहत नव्हते. आणि मारणाऱ्यालाही त्या शनिवारी पुढचं काही ठाऊक नव्हतं. चार्लटनचं बोलावणं आलंच नसतं तरी ती वर्षं तेवढीच खरी राहिली असती.

हे मला इतकं लागलं त्याला कारण आहे. खालच्या श्रेणीतल्या क्लबांत मे महिन्यात एक यादी लागते. रिटेन्ड लिस्ट. पुढच्या मोसमासाठी कुणाला ठेवलं, कुणाला सोडलं, याची. सामने संपलेले असतात, मैदानावर नवं बी टाकलेलं असतं आणि तिशीच्या आतबाहेरचे गडी आपलं नाव कुठल्या रकान्यात आहे ते बघत असतात. बड्या खेळाडूला चार-पाच वर्षांचा करार असतो. चौथ्या श्रेणीतल्याला बहुधा एका वर्षाचा, फार तर दोन. नाव नसलं की गाडीत सामान भरायचं, पोराची शाळा बदलायची आणि दुसऱ्या गावात त्याच श्रेणीत, नाहीतर एक पायरी खाली, पुन्हा चाचणी द्यायची. आमच्याकडेही यादी लागते. कंपनीचं कंत्राट संपत आलं की कॅम्पमध्ये कुजबुज सुरू होते. ज्याचा इकामा, म्हणजे राहण्याचा परवाना, पुढे वाढला तो राहिला, ज्याच्या पासपोर्टावर फायनल एक्झिट उमटलं तो गेला. कोण चांगला कारागीर आणि कोण नाही, याचा त्या यादीशी संबंध असतो. पण तुम्हाला वाटतो तेवढा नसतो.

रास तनुरा म्हणजे आखातात शिरलेली एक निमुळती जमीन. १ मे १९३९ रोजी सौदीचं पहिलं तेल इथून जहाजावर चढलं, डी. जी. स्कोफील्ड हे टँकर, आणि झडप फिरवायला खुद्द राजा अब्दुलअझीझ आलेला. १९४५ साली रिफायनरी उभी राहिली. आज ती दिवसाला साडेपाच लाख बॅरलच्या घरात तेल शुद्ध करते. कंपाउंडच्या आत नजमा ही अरामको या सौदी तेल कंपनीच्या नोकरदारांची वसाहत, तिथे हिरवळ, शाळा, किनारा. बाहेर रहिमा गाव, तिथे पैसे पाठवण्याची दुकानं, मोबाइलवाले, केरळी हॉटेलं आणि शुक्रवारी फुटपाथवर फोन कानाला लावून बसलेले आम्ही सगळे.

इथल्या माणसाचं एक वैशिष्ट्य आहे. तो इथे राहत नसतो, तो ‘सध्या’ इथे असतो. घराचा स्लॅब पडेपर्यंत, बहिणीचं लग्न होईपर्यंत, पोराचं इंजिनिअरिंग उरकेपर्यंत. आमच्या खोलीतल्या शिरोळच्या वेल्डरने नवी गादी आणली होती आणि तिच्यावरचं प्लॅस्टिक काढलं नव्हतं. जाताना विकायची, कोरी दिसली तर बरे पैसे येतील. रात्री तो कूस बदलला की अख्खी खोली चुरचुरायची. उन्हाळ्यात ते प्लॅस्टिक घामाने पाठीला चिकटायचं, तरी बाबा हटला नाही. कितीदा सांगितलं, भावा, काढ ते. म्हणायचा, जायचंच आहे की आता. त्या ‘आता’त त्याची पोरगी शाळेत गेली, शाळेतून कॉलेजात गेली आणि गादी आत स्पंजाचा भुगा होऊन खचली. शेवटी ती कुणी फुकटही नेली नाही.

किन्सेलाने कोलचेस्टरमध्ये अशी गादी वापरली असती तर तो १९९६पर्यंत टिकलाच नसता. खालच्या श्रेणीत खेळणाऱ्याला ‘सध्या’ परवडत नाही. शनिवारी तीन वाजता समोर हेरफर्ड असो की डार्लिंग्टन, तो सामना पुढच्या कुठल्या तरी सामन्याची रंगीत तालीम नसतो. तसं समजून खेळणाऱ्याला सेंटर-हाफ पहिल्या दहा मिनिटांत जाहिरातीच्या फलकापलीकडे पोचवतो.

शिवाय ही शिडी एकाच दिशेची नाही. त्या दिवशी दुसरा गोल करणारा ब्रीन मेडस्टोन युनायटेडमधून वर आलेला. तो क्लब १९९२ साली दिवाळखोरीत बुडून लीगमधून नाहीसा झाला. सौदीवर गोल केला त्या महिन्यात ब्रीनचा कोव्हेंट्रीबरोबरचा करार संपत होता. जगासमोर खेळत होता आणि हातात नोकरी नव्हती. पुढे तो वेस्ट हॅम, सुंदरलँड, वुल्व्ह्ज असा फिरत शेवटी बार्नेटमध्ये, म्हणजे चौथ्या श्रेणीत, परत आला. राइट-बॅक स्टीव्ह फिनन लिमरिकचा. लीगबाहेरच्या वेलिंग युनायटेडपासून त्याने सुरुवात केली आणि बर्मिंगहॅम, नॉट्स काउंटी, फुलहॅम करत तो २००५ साली इस्तंबूलच्या चॅम्पियन्स लीग फायनलमध्ये लिव्हरपूलकडून उतरला. आणि किन्सेला? ॲस्टन व्हिला, वेस्ट ब्रॉम, मग वॉल्सॉल. जिथून आला त्या खोलीच्या जवळपास पुन्हा. याला कुणी घसरण म्हणेल. मला त्यात चौतिशीपर्यंत स्वतःच्या धंद्यात राहिलेला माणूस दिसतो.

आम्हा कोल्हापूरकरांना हे कळायला अवघड जाऊ नये. आमच्या गावात फुटबॉलला वरची श्रेणीच नाही. पाटाकडील, खंडोबा, दिलबहार, बालगोपाल, प्रॅक्टिस या तालमी आणि मंडळं एकमेकांशी पिढ्यान्‌पिढ्या लढत आली. शाहू स्टेडियमवरून कुणी आयएसएलमध्ये गेला तर पेठेत त्याचा फलक लागतो. अनिकेत जाधव २०१७च्या सतरा वर्षांखालच्या वर्ल्ड कपमध्ये खेळला तेव्हा सगळं गाव टीव्हीसमोर होतं. पण स्टेडियम भरतं ते त्यासाठी नव्हे. मंगळवार पेठेतला डिफेंडर दिवसा वर्कशॉपात लेथ चालवतो, संध्याकाळी खंडोबाच्या विंगरला आडवा करतो आणि म्हातारा होईपर्यंत त्याच एका टॅकलसाठी चहाच्या गाड्यावर ओळखला जातो. त्यात कमी काय आहे? अलीकडे तालमी नायजेरियाचे खेळाडू आणतात. एका मोसमाचा करार, पेठेत भाड्याची खोली, गल्लीतल्या पोरांचा गराडा. तांबडा-पांढरा बघून पहिल्या दिवशी घाबरलेला असा एक गडी महिन्याभरात वाटी पुढे करून रस्सा मागताना मी सुट्टीत पाहिला आहे. आपली माणसं रास तनुरात का जातात, हे त्याला समजावून सांगायला लागलं नसतं.

इथे आमचं फुटबॉल शुक्रवारचं. सात-सात जणांचा सामना, केरळात ज्याला सेव्हन्स म्हणतात तोच. संघ जवळजवळ सगळे मलबारी. त्यांच्यात फुलबॅक कमी पडला म्हणून मला घेतलं आणि मग मी तिथलाच झालो. रेतीवर पाणी मारून दाबलेलं मैदान, वारा सुटला की चेंडू समुद्राकडे पळतो आणि तळव्यांखाली रेतीची कचकच. चेट्टा लोक हरण्याचं दुःख पुढच्या शुक्रवारपर्यंत जपतात. २०१३ साली इथली साप्ताहिक सुट्टी गुरुवार-शुक्रवारवरून शुक्रवार-शनिवारवर आली आणि शनिवारी इंग्लंडचं फुटबॉल निवांत बघायची सोय झाली. त्यात एक गंमत आहे. शनिवारी दुपारी तीनचे सामने इंग्लंडमध्ये टीव्हीवर दाखवत नाहीत, लोकांनी मैदानावर जावं म्हणून. परदेशातल्या चाहत्याला मात्र २०१७पासून खालच्या श्रेणीतल्या क्लबांचे सामनेही पैसे भरून थेट बघता येऊ लागले. कोलचेस्टरमध्ये घरी बसलेल्या म्हाताऱ्याला जो सामना दिसत नाही, तो हिवाळ्यात संध्याकाळी सहा वाजता मी रास तनुरात बघतो. क्लब २००८ साली नव्या स्टेडियममध्ये गेला, २०१६ साली पुन्हा चौथ्या श्रेणीत आला. संघ सुमार खेळतो. मी तरी बघतो.

आता तर वारा उलटा फिरला आहे. २०२३ साली स्टीव्हन जेरार्ड आमच्यापासून तासाभरावर असलेल्या दम्मामच्या इत्तिफाकचा प्रशिक्षक झाला. त्याच्यामागे लिव्हरपूलचा कर्णधार जॉर्डन हेंडरसन आला आणि सहा महिन्यांत परत गेला. त्याच वर्षी खोबरचा अल-कादिसिया क्लब अरामकोने घेतला. रॉबी फाउलर त्याचा प्रशिक्षक. ईस्ट बंगालबरोबर गोव्यात एक मोसम काढलेला हाच फाउलर. लीगमधला एकही सामना संघ हरलेला नसताना त्याला नारळ मिळाला. कॅम्पमध्ये त्या रात्री बरीच करमणूक झाली. शेवटी तोही आमच्यासारखाच कंत्राटी निघाला. तिकडे ब्रेक्झिटनंतर, २०२१पासून, अठरा वर्षांखालच्या आयरिश पोरांना इंग्लिश क्लब घेऊ शकत नाहीत. सतरा वर्षांचा किन्सेला आज कोलचेस्टरला येऊच शकला नसता. डफ डब्लिनमध्ये शेलबर्नचा प्रशिक्षक झाला आणि २०२४ साली त्याने त्यांना आयर्लंडचं विजेतेपद मिळवून दिलं. घरच्या लीगलाही शेवटी तिथे राहिलेली नाहीतर परत आलेलीच माणसं लागतात.

हे माझं ‘सध्या’चं तत्त्वज्ञान मी एकदा फोनवर बायकोला ऐकवलं. तिने शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, “खरं आहे तुमचं. पण तुमचा तो खेळाडू शनिवारी खेळून रात्री त्याच गावात जेवायला जात असेल. तुम्ही तिथे जगत होता म्हणता, मग वाट बघायचं काम कुणाच्या वाट्याला आलं?” याला माझ्याकडे उत्तर नाही. नजमाच्या कुंपणाआत कुटुंबं राहतात, बाहेरच्या कॅम्पमध्ये एका खोलीत चार खाटा असतात. खालच्या श्रेणीतही आणखी खालची श्रेणी असते. माणसाने असेल तिथे पुरतं असावं हे मला पटलेलं आहे. पण मी इथे पुरता असलो की तिकडे तेवढा कमी असतो, आणि तो हिशेब तिच्या वहीत लिहिला जातो.

फक्त एक झालं. त्या बोलण्यानंतर मी तिला परत यायच्या तारखा सांगणं बंद केलं आणि तिनेही विचारणं कमी केलं. मुलीला फुटबॉलचा नाद लागला होता. तिला घेऊन ही शाहू स्टेडियमवर जाऊ लागली. यंदा यादीत माझं नाव पुन्हा आलं, ते सांगायला मी रविवारी संध्याकाळी फोन लावला. पलीकडे ढोल, शिट्ट्या, आरडाओरडा. “आत्ता नको, पेनल्टी चाललीयत, मग करते,” म्हणून तिने ठेवून दिला. केला तो दोन तासांनी. पाटाकडील हरलं होतं, रेफ्रीने कुठे माती खाल्ली ते ती मला अर्धा तास सांगत होती, आणि मी परत कधी येणार हा विषय निघालाच नाही.